फ्रेंच सिनेमात संकलक व्हायचं असेल तर

पायल कपाडियाच्या 'ऑल वी इमॅजिन ॲज लाइट'ला २०२४ साली कान महोत्सवात ग्रां प्री मिळालं, तेव्हा आपल्याकडे मुंबईची लोकल, रत्नागिरीचा किनारा आणि छाया कदम यांच्याबद्दल भरभरून लिहिलं गेलं. श्रेयनामावलीत संकलकाच्या जागी मात्र फ्रेंच नाव आहे: क्लेमां पँतो. मल्याळम, हिंदी आणि मराठी बोलणाऱ्या बायकांची गोष्ट एका फ्रेंच माणसाने कापली-जोडली. तेव्हापासून संकलन शिकणारी मुलं-मुली मला उलटा प्रश्न विचारतात. आपल्याला तिकडे जाऊन फ्रेंच चित्रपट कापता येतील का?

येतील. पण हे विचारणाऱ्याचा पुढचा प्रश्न बहुधा "मग कुठलं सॉफ्टवेअर शिकू?" असा असतो, आणि तिथेच गाडी भलत्या रुळावर जाते. सॉफ्टवेअरचं उत्तर एका शब्दाचं आहे: ॲव्हिड. ते इथेही शिकता येतं. त्यापुढचं जे आहे, ते माणसांचं, भाषेचं आणि थोडं कागदपत्रांचं आहे.

आधी संकलकाची जागा समजून घ्या

फ्रान्समध्ये चित्रपट दिग्दर्शकाचा असतो. ही नुसती समीक्षकांची लाडकी कल्पना नाही, कायद्यातच तसं आहे. चित्रपटाचे सहलेखक म्हणून कायदा ज्यांना धरून चालतो त्यांत पटकथा लिहिणारा, रूपांतर करणारा, संवाद लिहिणारा, त्या चित्रपटासाठी संगीत रचणारा आणि दिग्दर्शक येतात. संकलक त्या यादीत नाही. तिथल्या काही संकलकांच्या मनात हे शल्य आहे, आणि मला ते रास्त वाटतं. त्याच कायद्यात पुढे असंही आहे की अंतिम प्रत दिग्दर्शक आणि निर्माता यांच्या सहमतीने ठरली, की मगच चित्रपट पूर्ण झाला असं समजायचं. म्हणजे निर्मात्याने संध्याकाळी येऊन "ही पंधरा मिनिटं उडवून टाक" असं परस्पर सांगायची सोय नाही.

नवख्याने यातून काय घ्यायचं? निर्माता तुम्हाला पगार देतो, पण तुमचे दिवस जातात दिग्दर्शकाबरोबर. तो किंवा ती तुमच्या मागच्या सोफ्यावर तीन-चार महिने बसलेली असते. म्हणून तिथल्या कारकिर्दी जोड्यांनी सांगितल्या जातात. जुलिएत वेल्फलिंग आणि दिग्दर्शक झाक ओदियार यांची जोडी १९९४ सालच्या त्याच्या पहिल्या चित्रपटापासून तीस वर्षं टिकली आहे. संकलक आन्येस गियमो यांचं नाव दिग्दर्शक गोदारशिवाय उच्चारलं जात नाही, यान देदे यांचं त्र्युफो आणि पियाला या दिग्दर्शकांशिवाय. दोन-तीन अशी नाती जुळली, की झाली कारकीर्द. बायोडेटावर चाळीस चित्रपट असून एकाही दिग्दर्शकाने दुसऱ्यांदा बोलावलं नसेल, तर तिथे भुवया उंचावतात.

आणखी एक. संकलनाची खोली फ्रान्समध्ये फार आधीपासून बायकांची आहे. मार्गरीत रेन्वार यांनी १९३० च्या दशकात दिग्दर्शक झाँ रेन्वारचे चित्रपट कापले. फ्रांस्वाझ बोनो यांना 'झेड' या चित्रपटासाठी संकलनाचं ऑस्कर मिळालं, आणि त्यांच्या आई मोनिक बोनोही दिग्दर्शक मेलव्हिलच्या संकलक होत्या. "मुलींना तांत्रिक काम देतील का?" अशी शंका काही पालक विचारतात, म्हणून हे मुद्दाम लिहिलं.

पहिली पायरी: फ्रेंच, तीही खोलीतली

फ्रेंच शिकवणाऱ्या आलियाँस फ्रांसेझमध्ये पुण्याला किंवा मुंबईला जाऊन 'डेल्फ' या फ्रेंचच्या परीक्षेची बी-२ पातळी गाठा. हा प्रवेशापुरता दाखला झाला. कामाची भाषा वेगळी असते.

संकलकाला संवाद ऐकून निवड करावी लागते. बोलताना फ्रेंच माणूस नकारातला 'न' गिळतो, अर्धे स्वर खातो, "अ…" म्हणत थांबतो. एका नटाचे सात टेक असतात, शब्द तेच, आणि तिसऱ्यात त्याने एका शब्दावर किंचित जास्त रेंगाळून सगळा टोमणा त्यात भरलेला असतो. तो टोमणा ऐकू आला नाही, तर तुम्ही सुबक प्रकाशाचा पाचवा टेक लावून मोकळे होता. शिवाय तिथे चित्रीकरणाच्या वेळीच मुद्रित केलेल्या आवाजाला मोठा मान आहे. डबिंगमध्ये निस्तरू, हा आपल्याकडचा जुना दिलासा तिथे सहसा मिळत नाही.

मग खोलीतले शब्द. चित्रीकरणातून आलेलं सगळं साहित्य म्हणजे 'रश', ते बघून टिपणं काढणं म्हणजे 'देरशाज'. कापलेले तुकडे पूर्वी कापडी पिशवी लावलेल्या चौकटीवर टांगून ठेवत, तिला 'शुत्ये' म्हणत. फिल्म गेली, पिशवी गेली, पण कॉम्प्युटरवरच्या फोल्डरलाही आजवर शुत्येच म्हणतात. पटकथेच्या क्रमाने दृश्यं नुसती एकापुढे एक लावली की झालं 'बू-ता-बू'. आणि पहिला ओबडधोबड, लांबलचक कट म्हणजे 'ऊर्स', शब्दशः अस्वल. अस्वलाचं पिल्लू आकार नसलेला गोळा म्हणून जन्मतं आणि आई चाटून-चाटून त्याला आकार देते, अशी जुनी युरोपीय समजूत होती, त्यावरून हा शब्द आला म्हणतात. खरं-खोटं कोण जाणे, पण कामाचं वर्णन चोख आहे.

संबोधनाचाही एक छोटा धक्का बसेल. संकलनाच्या खोलीत पहिल्या दिवसापासून 'त्यु', म्हणजे सरळ अरे-तुरे. साठीच्या बाईंना "तू हा शॉट बघितलास का?" विचारताना आपली जीभ अडखळते. तरीही विचारायचं. 'व्हू'ला, म्हणजे अहो-जाहोला, चिकटून राहिलात, तर तुम्ही नम्र आहात असं कुणाला वाटत नाही, अंतर राखताय असं वाटतं.

सगळ्यांत अवघड म्हणजे असहमती. "छान आहे" हे उत्तर तिथे निरुपयोगी समजतात. नटाचा एखादा टेक पोकळ वाटला, तर लोक म्हणतात "झ नी क्र्वा पा", माझा यावर विश्वास बसत नाही. हे म्हटल्यावर पुढे कारण द्यावं लागतं, नुसतं तोंड वाकडं करून भागत नाही. याचा सराव घरीच करा. एखादं फ्रेंच दृश्य तीनदा बघायचं आणि कुठला कट कशासाठी आहे, हे पाच मिनिटं फ्रेंचमध्ये मोठ्याने बोलायचं, फोनमध्ये न डोकावता. पहिले दोन महिने स्वतःचीच कीव येते.

दुसरी पायरी: शाळा

पॅरिसमधली ला फेमिस ही सर्वांत मानाची. १९४३ साली स्थापन झालेल्या 'ईदेक' या संस्थेची ती वारसदार, १९८६ साली नव्या रूपात उभी राहिली. आज ती रू फ्रांकर या रस्त्यावर, पाथे कंपनीच्या जुन्या स्टुडिओच्या आवारात आहे. प्रभातच्या जागेत एफटीआयआय आहे, तसंच. चार वर्षांचा अभ्यासक्रम, संकलनाचा स्वतंत्र विभाग, आणि पहिल्या वर्षी सगळ्यांनी सगळी कामं करायची. संकलन शिकायला आलेल्यानेही बूम, म्हणजे लांब दांड्याचा माइक, धरायचा. सरकारी संस्था असल्यामुळे फी खासगी शाळांच्या मानाने अगदीच कमी. अर्थात जागा मूठभर आणि परीक्षा कडक. त्या परीक्षेत एक 'शोध-वही' मागतात: दिलेल्या दोन-तीन विषयांतून एक निवडून तुम्ही स्वतः बाहेर पडून काय पाहिलंत, कुणाशी बोललात, ते मांडायचं. आपली मुलं इथे हमखास गुगलवरचा निबंध लिहितात. परीक्षकांना तुमची नजर हवी असते, माहिती नव्हे. या परीक्षेवर क्लेअर सिमों यांचा 'ल काँकूर' नावाचा माहितीपट आहे (२०१६). अर्ज भरण्याआधी बघाच. परीक्षक आपापसांत कसे भांडतात ते कळलं की भीती निम्मी होते, उरलेली निम्मी वाढते.

वयाची आणि शिक्षणाची अट असते. ती त्या-त्या वर्षीच्या नियमावलीतच बघा, कुणाच्या जुन्या पोस्टवर विसंबू नका.

फेमिस म्हणजे एकच दार नव्हे. बारावीनंतर दोन वर्षांचा 'बेतेएस' नावाचा तांत्रिक अभ्यासक्रम सरकारी शाळांतून चालतो, त्यात संकलन आणि पोस्टप्रॉडक्शन ही शाखा आहे. तिथून निघालेली मुलं सहायक म्हणून पहिल्या दिवसापासून उपयोगी पडतात. लिओंमधली सिनेफाब्रिक २०१५ साली सुरू झाली, तिथे फी नाही. ब्रसेल्समधल्या इन्सासमध्ये संकलन आणि स्क्रिप्ट-सातत्य एकत्र शिकवतात, आणि तिथले बरेच जण पुढे फ्रान्समध्येच काम करतात. विद्यापीठांपैकी सँ-दनीतलं पॅरिस ८ सिद्धांत आणि प्रत्यक्ष काम या दोन्हींना जागा देतं. खासगी शाळाही भरपूर आहेत, फीसुद्धा भरपूर. कर्ज काढून जायचं असेल, तर तिथून बाहेर पडलेल्या तीन-चार जणांची नावं श्रेयनामावल्यांत शोधा. सापडली नाहीत, तर उत्तर मिळालं.

विद्यार्थी म्हणून वर्षाला ९६४ तासांपर्यंत काम करता येतं. व्हिसा आणि प्रवेशाची सुरुवात भारतात काम्पुस फ्रान्सच्या, म्हणजे फ्रान्समधल्या शिक्षणाचं काम बघणाऱ्या सरकारी संस्थेच्या, कार्यालयातून होते.

तिसरी पायरी: सहायक

इथे थोडं थांबतो, कारण बहुतेकांची गाडी इथेच अडते.

फिल्मच्या काळात सहायक त्याच खोलीत बसायचा. संकलक "तो रडण्याचा टेक दे" म्हणायची, सहायक शुत्येतून पट्टी काढून द्यायचा, आणि त्या देण्या-घेण्यात दिग्दर्शकाबरोबरची सगळी चर्चा कानावर पडायची. मेरी स्टीफन हाँगकाँगला जन्मल्या, कॅनडामार्गे पॅरिसला आल्या, दिग्दर्शक एरिक रोमेरच्या संकलक सेसिल देक्युजिस यांच्या सहायक झाल्या आणि पुढे स्वतः रोमेरच्या संकलक म्हणून वर्षानुवर्षं काम करत राहिल्या. परक्या देशातून येणाऱ्याने हे उदाहरण भिंतीवर लावावं. शिकायची वाट शिष्यत्वाची होती, आपल्या गाण्यातल्या घराण्यांसारखी. तानपुरा धरता धरता गायकी कानात बसते ना, तसं.

कॉम्प्युटर आल्यावर निर्मात्यांच्या लक्षात आलं की टेक शोधून द्यायला आता माणूस लागत नाही. मग सहायकाचे आठवडे कमी झाले. आता तो सुरुवातीला येतो, चित्र आणि आवाज जुळवतो, नावं देतो आणि जातो. शेवटी पुन्हा येतो, ध्वनी, रंग आणि व्हीएफएक्सवाल्यांना फायली पाठवायला. मधले खरे शिकण्याचे महिने तो दुसऱ्या खोलीत किंवा दुसऱ्याच चित्रपटावर असतो. २००१ साली स्थापन झालेली 'ले मोंतर आसोसिये' ही संकलकांची संघटना यावर सतत बोलत आली आहे. तिच्या सभा आणि चर्चांना जा. नोकरी तिथे मिळत नाही, पण संकलक कसे विचार करतात ते ऐकायला मिळतं.

मग करायचं काय? एक, 'स्क्रिप्त'चे कागद मन लावून वाचा. सेटवर सातत्य सांभाळणाऱ्या बाई प्रत्येक टेकबद्दल दिग्दर्शकाची प्रतिक्रिया टिपून ठेवतात. ते कागद ज्याने वाचलेत, तो सहायक खोलीत आपोआप मोलाचा होतो. दोन, नावं देण्यात कधीही घाई करू नका. पहिल्याच महिन्यात मी ध्वनीच्या माणसांना जुन्या कटची फाइल पाठवली होती. दोन दिवसांचं काम वाया गेलं, कुणी ओरडलं नाही, नुसतं "आवृत्तीचा क्रमांक तारखेसकट लिहीत जा" एवढंच म्हणाले. ते न ओरडणं जास्त झोंबलं. तीन, संध्याकाळी मागा. दिवसाचं काम संपल्यावर "हे एक दृश्य मी माझ्या पद्धतीने लावून बघू का?" असं विचारा. सगळे हो म्हणत नाहीत. जे म्हणतात, त्यांनी ते दृश्य उघडून बघितलं की तुमचं खरं शिक्षण सुरू होतं. आणि चार, कट दाखवताना सहायकाला मत विचारलं, तर खरं ते सांगा, पण दिग्दर्शकासमोर संकलकाच्या विरोधात उभे राहू नका. ते दुपारी कॉफीच्या वेळी.

हिशोब: ५०७

पुण्या-चाकणच्या वाचकाला 'सीएनसी' म्हटलं की कारखान्यातलं यंत्र आठवतं. फ्रान्समध्ये ती चित्रपटसृष्टी चालवणारी सरकारी संस्था आहे, १९४६ पासूनची. पूर्वी मुख्य संकलक म्हणून काम करायला तिचं व्यवसाय-ओळखपत्र लागायचं. २००९ साली ती पद्धत बंद झाली. आता पदवी किंवा ओळखपत्र कुणी विचारत नाही.

कायमची नोकरी जवळजवळ नसतेच. एका चित्रपटापुरता मुदतीचा करार होतो आणि मधल्या रिकाम्या काळात 'अँतेरमितां' या खास बेकारी विम्यातून भत्ता मिळतो. त्यासाठी साधारण १२ महिन्यांत ५०७ तास काम झालेलं असावं लागतं. आकडा विचित्र वाटतो, पण गुणाकार करून बघा: आठवड्याचे ३९ तास, १३ आठवडे. एक पूर्ण लांबीचा चित्रपट नीट पगारावर कापला, की वर्षाचा हक्क हाती आला. तिथला तरुण संकलक महिना मोजत नाही, तास मोजतो. २००३ साली हे नियम कडक केले, तेव्हा संप इतका चिघळला की आव्हिन्योंचा नाट्यमहोत्सव रद्द करावा लागला. एवढा जीव आहे या आकड्यात. परदेशी माणसाने मात्र आपला राहण्याचा परवाना या भत्त्याला चालतो का, हे आधी तपासावं. विद्यार्थी परवान्यावर असताना त्यावर घर चालवायची स्वप्नं पाहू नयेत.

करार वाचताना तीन गोष्टी बघा. आठवडे किती, आणि ते सलग आहेत का. पगार कामगार संघटना आणि निर्माते यांच्यातल्या सामूहिक कराराच्या मुख्य तक्त्याप्रमाणे आहे, की कमी बजेटच्या चित्रपटांसाठीच्या सवलतीच्या तक्त्याप्रमाणे, ज्याला सगळे 'आनेक्स त्र्वा' म्हणतात. आणि पदाचं नाव काय लिहिलंय. मुख्य संकलकाचं काम करवून घेऊन कागदावर 'सहायक' लिहिणारे लोक तिथेही आहेत.

चौथी पायरी: लघुपट, मग कुणाचा तरी पहिला चित्रपट

फ्रान्समध्ये वर्षाला साधारण ३०० चित्रपटांना सीएनसीची मान्यता मिळते आणि त्यांत पदार्पणाचे चित्रपट लक्षणीय असतात, कारण 'आव्हांस स्युर रसेत' (उत्पन्नावरची आगाऊ रक्कम) या सरकारी योजनेत पहिल्या चित्रपटांसाठी वेगळी समिती आहे. नव्या दिग्दर्शकाबरोबर बहुतेकदा नवाच संकलक येतो, लघुपटांपासूनचा सोबती. म्हणून लघुपट कापा. पैसे कमी मिळतील, कधी मिळणारच नाहीत. क्लेरमों-फेरांला हिवाळ्यात लघुपटांचा महोत्सव भरतो, तिथे एक आठवडा काढा. तुमच्याच वयाचे दिग्दर्शक रांगेत कुडकुडत उभे असतात. ओळखी तिथे होतात. माहितीपटही सोडू नका. त्यात पटकथा नसते, गोष्ट संकलनाच्या टेबलावरच सापडते, आणि तुमचा शब्द जास्त चालतो.

पहिला पूर्ण लांबीचा चित्रपट मिळाला की आठवडे असे जातात. चित्रीकरण चालू असतानाच रश बघायला सुरुवात. त्याच काळात दिग्दर्शकाला सेटवर फोन करून "अमुक दृश्यात तिचा बघण्याचा शॉट नाहीये" हे सांगणं हे तुमचंच काम, नंतर सांगून उपयोग नाही. मग ऊर्स. तो बघितल्यावर दिग्दर्शक निराश होतो. हे नेहमीचंच आहे. त्या दिवशी उपाय सुचवू नका, त्याला घरी जाऊ द्या. मग दृश्यांची अदलाबदल, आणि दर काही आठवड्यांनी चार-पाच माणसांना बोलावून मोठ्या पडद्यावर खेळ. त्या खेळात पडद्याकडे कमी आणि माणसांच्या मानांकडे जास्त बघायचं. कुठे हलतात, कुठे खुर्ची करकरते. चित्र पक्कं झालं की ते ध्वनिसंकलक, मिक्सिंग आणि रंगकामाकडे जातं. आवाजाचं संकलन तिथे वेगळ्या माणसाचं काम आहे, त्यात लुडबुड करायची नाही.

लांबी कमी करायची वेळ आली, की गोदारच्या 'आ बू द सूफ्ल'ची (इंग्रजीत 'ब्रेथलेस') आठवण काढतात. तो चित्रपट फार लांब झाला होता. दृश्यं काढून टाकण्याऐवजी सेसिल देक्युजिस आणि गोदार यांनी शॉटच्या आतच कापलं, आणि त्यातून १९६० साली जगाला ते उड्या मारणारे कट दिसले. हल्ली प्रत्येक जाहिरातीत तशी उडी असते, म्हणून तिची नक्कल करायची गरज नाही. पण अडचणीतून रीत निघाली हे खरं, आणि टेबलावर बसल्यावर ते आठवतं.

आपली भाषा घेऊन

भारत आणि फ्रान्स यांच्यात सहनिर्मितीचा करार १९८५ पासून आहे. सीएनसीच्या 'एद ओ सिनेमा द्यु माँद' या योजनेतून परदेशी दिग्दर्शकांना पैसे मिळतात, आणि त्यातला काही भाग फ्रान्समध्येच खर्च करावा लागतो. तो बहुधा पोस्टप्रॉडक्शनवर जातो. म्हणजे सहनिर्मितीतला फ्रेंच संकलक हा नुसता कलेचा नव्हे, हिशोबाचाही प्रश्न असतो. पण अशा चित्रपटात मराठी किंवा हिंदी समजणारा सहायक लागतो. कुठलं पात्र काय म्हणालं, "होय" आणि "हो गं" यात काय फरक, हे त्या खोलीत कुणालातरी सांगावं लागतं. आपल्याकडून जाणाऱ्यासाठी हे सर्वांत रुंद दार आहे, आणि त्यातून फारच कमी जण शिरतात.

एखाद्या शुक्रवारी संध्याकाळी फोन येईल. कुणीतरी आजारी पडलेलं असेल, किंवा कुणाचा आधीचा चित्रपट लांबलेला असेल. पलीकडून एवढंच विचारतील, "सोमवारी मोकळी आहेस का?" दिग्दर्शक कोण, आठवडे किती, तक्ता कुठला, एवढं विचारा. मग हो म्हणा, आणि शनिवारी पटकथा मागवून घ्या.